त्या रिळावर नाव कुणाचे?

केज तालुक्यातील एका वाचक भगिनीचे पत्र आले आहे. त्या लिहितात, सहा डिसेंबरला टीव्हीवर बाबासाहेबांच्या अंत्ययात्रेचे चित्रण दाखवितात. सातवीतला नातू शेजारी बसून पाहत होता. त्याने विचारले, आजी, हे खरेखुरे आहे की सिनेमातले? मी म्हटले, खरे आहे. तो म्हणाला, कशावरून? मला काही सांगता येईना. तरी आपण या सदरातून खुलासा करावा.

ताई, नातवाला पहिल्यांदा शाबासकी द्या. कुणी थोरामोठ्याने सांगितले, ग्रंथात लिहिले आहे किंवा पिढ्यान्‌पिढ्या चालत आले आहे, एवढ्यावरून कोणतीही गोष्ट खरी मानू नका, असे तथागतांनी कालामांना सांगितले होते. त्यांच्या काळी टीव्ही नव्हता. असता तर पडद्यावर दिसले म्हणून खरे मानू नका, हेही त्यांनी त्यात घातले असते. तेव्हा पोराच्या ‘कशावरून’ला नीट उत्तर द्यायला हवे. ते उत्तर दोन ओळींत मावणारे नाही, म्हणून आजचे सदर त्यालाच दिले आहे.

ते चित्रण खरे आहे. बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण दिल्लीत 6 डिसेंबर 1956 रोजी झाले. पार्थिव विमानाने मुंबईला आणण्यात आले, राजगृहात ठेवण्यात आले आणि 7 डिसेंबरला दादरच्या चौपाटीवर अंत्यसंस्कार झाला. त्या अंत्ययात्रेचे जे हलते चित्रण आज आपल्याला पाहायला मिळते, त्यामागे नामदेवराव व्हटकर हे नाव आहे. व्हटकर हे लेखक, नाटककार. दलित समाजात जन्मलेले आणि त्या समाजाची दुःखे रंगभूमीवर मांडणारे. आपल्या बापाची ही अखेरची यात्रा फिल्मवर उतरली पाहिजे, हे त्या एका दिवसात त्यांना सुचले. ती उतरविणारे दुसरे कुणी येईल याची वाट न पाहता पदरमोड करून त्यांनी कॅमेऱ्याची आणि रिळांची जुळवाजुळव केली. फिल्म तेव्हा फुटांवर मोजून विकत घ्यावी लागे आणि तिचा प्रत्येक फूट पैशाचा असे. आजच्यासारखे मोबाईल वर धरून तासभर शूटिंग करण्याचे ते दिवस नव्हते.

या रिळाची किंमत आपल्या बीड जिल्ह्याच्या माणसाला इतरांपेक्षा जास्त कळायला हवी. सहा तारखेला बातमी आली आणि सात तारखेला अग्निसंस्कार झाला. मधे एक रात्र. परळीला रेल्वे होती, पण बीड शहरात पहिली प्रवासी गाडी आली ती 2025 साली! म्हणजे 1956 च्या डिसेंबरात पाटोद्याच्या, आष्टीच्या, धारूरच्या खेड्यातला माणूस एका रात्रीत दादरला पोचणे शक्यच नव्हते. शेताच्या बांधावर, महारवाड्याच्या चावडीवर ज्यांनी हंबरडा फोडला, त्यांना शेवटचे दर्शन झाले नाही. त्यांच्या लेकरांना आणि नातवंडांना ते झाले, आणि ते व्हटकरांच्या रिळामुळे झाले. माहितीपटात जुन्या चित्रणाचे काम काय, असे कुणी विचारले तर मी आधी हे सांगेन, मग बाकीचे.

आता एक गोष्ट खटकते ती सांगतो. हे चित्रण आजवर किती माहितीपटांत, किती वाहिन्यांवर, किती जयंतीच्या पडद्यांवर दाखविले गेले असेल? त्यांतल्या कितीजणांनी शेवटच्या पाटीवर व्हटकरांचे नाव घातले? मी पाहिलेल्यांपैकी बहुतेकांनी नाही. वाहिनी आपले बोधचिन्ह मात्र कोपऱ्यात ठळक लावते, जणू 1956 साली तिचाच कॅमेरा दादरला उभा होता! अलीकडच्या वर्षांत व्हटकरांच्या या कामावर मराठी चित्रपट करण्याचे हाती घेण्यात आले, त्यामुळे नाव थोडे लोकांपर्यंत गेले. पण तोवर साठ-पासष्ट वर्षे उलटली होती.

हे झाले जे आहे त्याचे. जे नाही त्याचा विचार केला की मन अधिक अस्वस्थ होते.

दोन तारखा शेजारी शेजारी ठेवा. 2 मार्च 1930 रोजी नाशिकला बाबासाहेबांच्या नेतृत्वाखाली काळाराम मंदिर प्रवेशाचा सत्याग्रह सुरू झाला. 12 मार्च 1930 रोजी गांधीजी साबरमतीहून दांडीला निघाले. दोन्ही घटना दहा दिवसांच्या अंतराने, एकाच देशात. दांडीयात्रा हलत्या चित्रात आहे. मुंबईच्या चित्रपट कंपन्यांनी आपले कॅमेरे पाठविले, परदेशी वृत्तचित्रवाल्यांनीही पाठविले. ती चित्रे पुढे प्रत्येक माहितीपटात आली. विठ्ठलभाई झवेरी यांनी 1968 साली गांधीजींवर तेहतीस रिळांचा माहितीपट केला. पाच तासांहून मोठा. तो एवढा मोठा होऊ शकला, कारण एवढे चित्रण मुळात जमलेले होते. काळाराम सत्याग्रहावर माहितीपट करायचा म्हटला, की करणाऱ्याच्या हाती छायाचित्रे, वर्तमानपत्रांची कात्रणे आणि आजच्या मंदिराचे दार. हलते चित्र मी तरी कुठल्या माहितीपटात पाहिलेले नाही.

असे का झाले? नाशिकला माणसे कमी होती म्हणून नव्हे. हजारो होती, बायाबापड्या होत्या, आणि तो लढा पाच वर्षे चालला. पण कॅमेरा ज्याच्या मालकीचा, त्याला काय पाहण्याजोगे वाटते त्यावर चित्रण ठरते. गोऱ्या सरकारशी झगडा पाहण्याजोगा होता. देवळाच्या दारात उभा असलेला अस्पृश्य हा रोजचाच, त्यात काय बघायचे! पाहणाऱ्या पोराला मात्र वाटते की जे पडद्यावर जास्त वेळ दिसले तेच मोठे, जे दिसलेच नाही ते घडलेच नाही. हा अन्याय कुणी मुद्दाम बसून केला असे मी म्हणत नाही. कॅमेऱ्याची पाठ आपल्याकडे होती, एवढेच.

महाडचेही तेच. 20 मार्च 1927 ला चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले गेले, 25 डिसेंबरला मनुस्मृती जाळली गेली. त्याच 1927 साली तिकडे रशियात एस्फिर शुब नावाच्या बाईंनी जुन्या चित्रणातून माहितीपट कसा करावा याचा धडाच घालून दिला. झारच्या पदरी स्वतःचे कॅमेरावाले होते. झारचे कुटुंब फिरायला निघाले, मेजवानी झाली, मिरवणूक निघाली, सगळे ते टिपून ठेवत. क्रांतीनंतर ही रिळे तळघरांत सडत पडली होती. शुबबाईंनी ती शोधून काढली, हजारो मीटर फिल्म डोळ्यांखालून घातली आणि नुसती जोडणी बदलली. जहाजाच्या डेकवर नाचून दमलेले सरदार-दरकदार घाम पुसताहेत, आणि लागलीच पुढच्या दृश्यात जमीन खोदणारे मजूर घामाने निथळताहेत. झारच्या पैशाने काढलेले चित्रण झारच्याच विरुद्ध साक्षीला उभे राहिले! एकही नवे दृश्य न काढता.

आपल्याला हे शिकण्यासारखे आहे. प्रस्थापितांनी काढलेले चित्रणही आपल्या कामाचे असते, फक्त पाहण्याची नजर हवी. जुन्या वाचकांना तंबूतला सिनेमा आठवत असेल. खेळ सुरू होण्याआधी सरकारी वृत्तचित्र दाखविणे सक्तीचे असे. मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनचे ते काम, 1948 पासूनचे. आता ती संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली आहे. त्या वृत्तचित्रांत काय असे? मंत्रिमहोदय धरणाची कोनशिला बसवीत आहेत, दुष्काळी कामावर खडी फोडणाऱ्या बाया रांगेत बसल्या आहेत, निवेदक देशाच्या प्रगतीचे गोडवे गात आहे. निवेदकाचा आवाज बंद करून ते चित्रण पाहा. खडी फोडणाऱ्या कोण आहेत? त्यांच्या अंगावर काय आहे? पाण्याचा हंडा कुणापासून किती अंतरावर ठेवला आहे? मंत्र्याला हार घालणारा कोण आणि मांडवाच्या बाहेर उन्हात उभा कोण? कॅमेऱ्याला जे दाखवायचे नव्हते तेही त्याच्या नकळत त्यात शिरलेले असते.

पण त्या बायांची नावे कुठेच नाहीत. आजही ऊसतोडीचा किंवा दुष्काळाचा माहितीपट म्हटला की बीड जिल्ह्यातील एखादी बाई डोक्यावर हंडा किंवा उसाची मोळी घेऊन पडद्यावरून चालत जाते. एकदा काढलेले ते दृश्य दहा वर्षे दहा कार्यक्रमांत फिरते. साल बदलते, पंतप्रधान बदलतात, बाई तीच. ती कोण, कोणत्या गावची, कोणत्या वर्षीची, तिला विचारले होते का, काही नाही. तिच्या शेजारणीने टीव्हीवर पाहून सांगावे तेव्हा तिला कळते की आपण दुष्काळ झालो आहोत.

इथे माहितीपट करणाऱ्यांच्या एका सवयीबद्दल बोलले पाहिजे. हाती चित्रण नसले की ते दुसरीकडचे घालून जागा भरतात. निवेदन चालले आहे एका मोर्चाचे आणि पडद्यावर गर्दी दुसऱ्याच मोर्चाची. निवेदन एका दंगलीचे, जळणारी घरे दुसऱ्याच गावची. पाहणाऱ्याला कळत नाही, म्हणून चालून जाते. माझ्या मते हे खोटी साक्ष देण्यासारखे आहे. कारण पुढे कुणी शत्रूने बोट ठेवून सिद्ध केले, की हे दृश्य त्या गावचे नाहीच, तर खरी घडलेली घटनाही संशयात येते. नाही तर नाही म्हणावे. पडदा काळा ठेवावा, ‘या घटनेचे चित्रण उपलब्ध नाही’ अशी पाटी लावावी आणि पाहिलेल्या माणसाला बोलू द्यावे. त्या काळ्या पडद्यातही पुष्कळ काही सांगून होते.

ताईंच्या नातवाचा दुसरा संशय, सिनेमातले आहे का, हाही अगदी रास्त आहे. डॉ. जब्बार पटेल यांनी बाबासाहेबांवर चित्रपट केला, तो 2000 साली आला. मम्मुट्टी यांनी भूमिका केली आणि राष्ट्रीय पारितोषिक मिळविले. चित्रपट चांगलाच आहे. पण त्यातले महाडचे दृश्य म्हणजे महाड नव्हे. त्याचा तुकडा कापून, रंग काढून, ‘दुर्मिळ चित्रण’ असे वर लिहून मोबाईलवर पाठविला, की गावोगाव लोक हात जोडतात. आता तर त्याहून पुढची पायरी आली आहे. संगणकावर बाबासाहेबांचे छायाचित्र घालतात आणि ते डोळे मिचकावते, ओठ हलविते, मराठीत चार वाक्येही बोलते. करणाऱ्याची श्रद्धा असेल. पण आज श्रद्धेने चार वाक्ये तोंडी घातली, उद्या दुसरा कुणी द्वेषाने घालील. निवडणुकीच्या दिवसांत तर कुणीही घालील. तेव्हा काय करणार?

मुलांना काही साध्या खुणा सांगून ठेवा. पडद्यावर बोलणारा सिनेमा आपल्याकडे 14 मार्च 1931 रोजी ‘आलम आरा’ने आला. म्हणजे 1927 च्या महाडात बाबासाहेब ओठ हलवून बोलताना दिसले आणि आवाजही आला, तर ते खरे असूच शकत नाही. त्यानंतरही पुष्कळ वर्षे हातात धरायच्या कॅमेऱ्यात आवाज टिपला जात नसे. चित्र वेगळे, आवाज वेगळा. म्हणून जुन्या मिरवणुकीच्या दृश्यावर घोषणा ऐकू आल्या तर त्या बहुधा मागाहून जोडलेल्या असतात. आणि सगळ्यांत सोपी खूण म्हणजे तीन प्रश्न: हे कुठले, केव्हाचे, कुणी काढले? तिन्हींची उत्तरे नसतील तर पुढे पाठवू नका.

बाबासाहेबांचा चेहरा आणि आवाज दोन्ही एकत्र मिळतात अशी चित्रणे बोटांवर मोजण्याइतकी आहेत. बीबीसीची 1953 ची मुलाखत हे त्यातले ठळक उदाहरण. थोड्या मिनिटांची, इंग्रजीत. त्यात ते स्पष्ट सांगतात की इथली समाजरचना संसदीय लोकशाहीशी जुळणारी नाही, म्हणून ती इथे चालणार नाही. बोलण्याच्या ओघात साम्यवादाचा विषयही येतो. आता गंमत पाहा. या मुलाखतीतले पहिले अर्धे मिनिट घेतले तर बाबासाहेब लोकशाहीचे विरोधक वाटतात. दुसरे अर्धे मिनिट घेतले तर कम्युनिस्टांचे मित्र. तुकडा कुठे कापायचा हे ज्याच्या हाती, त्याच्या मनासारखे बाबासाहेब तयार! खरे म्हणजे ते संविधान सभेत 25 नोव्हेंबर 1949 ला जे बजावून गेले त्याचाच हा पुढचा भाग आहे. राजकारणात समता आणि समाजात विषमता, हा विरोध लवकर मिटविला नाही तर लोकशाहीचा डोलारा कोसळेल, असा तो इशारा होता. ते भाषण शेजारी ठेवले की मुलाखतीचा अर्थ सरळ लागतो. म्हणून तुकडा पाहिला की पूर्ण मुलाखत शोधून पाहावी. इंग्रजी येत नसेल तर घरातल्या शिकलेल्या मुलाला समजावून सांगायला लावावे. त्याचाही अभ्यास होतो.

1955 ची बीबीसीची दुसरी मुलाखत रेडिओची. गांधीजींवर आणि पुणे करारावर ते त्यात परखड बोलले आहेत. तिथे फक्त आवाज आहे. माहितीपटात त्या आवाजावर चित्र कोणते घालायचे ते करणारा ठरवितो. रागीट चेहऱ्याचे छायाचित्र घातले की बोलणे द्वेषाचे वाटते, पुस्तकांत बसलेले घातले की विचाराचे. आवाज तोच. डोळे मिटून एकदा ऐका.

आता अलीकडचे, जखम अजून ओली आहे ते. 11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांची माळ घालण्यात आली. लोक रस्त्यावर आले आणि राज्य राखीव पोलीस दलाच्या गोळीबारात दहा माणसे मेली. गॅसचे टँकर पेटविले जात होते, स्फोट झाला असता, म्हणून गोळ्या घालाव्या लागल्या, असा बचाव करण्यात आला. जळत्या वाहनाचे चित्र पाहिले की घरी बसलेल्या माणसाला तो बचाव पटतो. पण टँकर उभे होते कुठे आणि गोळ्या झाडल्या कुठे? आग आधी की गोळ्या आधी? जळत्या वाहनाचे एकटे चित्र याचे उत्तर देत नाही. जागा आणि वेळ सांगितली तरच ते चित्र पुरावा होते, नाहीतर ती नुसती भीती. न्यायमूर्ती गुंडेवार आयोगाने गोळीबार असमर्थनीय ठरविला. 2009 साली सत्र न्यायालयाने त्या पोलीस अधिकाऱ्याला दोषी धरून जन्मठेप सुनावली.

त्या गोळीबाराने व्यथित होऊन शाहीर विलास घोगरे यांनी चार दिवसांनी स्वतःचे जीवन संपविले. आनंद पटवर्धन यांनी मुंबईच्या झोपडपट्ट्यांवरील ‘हमारा शहर’ या 1985 च्या माहितीपटासाठी घोगऱ्यांना गाताना चित्रित केले होते. तेव्हा ते शहरातल्या घरांच्या प्रश्नावरचे गाणे होते, बस्स. पुढे पटवर्धनांनी चौदा वर्षे खपून ‘जय भीम कॉम्रेड’ केला, तेव्हा तेच जुने चित्रण त्यात आले. आता ते गाणाऱ्या माणसाची आठवण झाले होते. आवाज, चेहरा, सगळे जिवंत. रीळ तेच, पण मधे घडलेल्या गोष्टींनी त्याचा अर्थ बदलला. चित्रण काढणाऱ्याला पुढे त्याचे काय होईल ते माहीत नसते. म्हणूनच आज क्षुल्लक वाटते ते पुसून टाकू नये. आपल्या जिल्ह्यातले किती गायक, किती जलसेवाले, किती कव्वाल गेले! कुणाचा आवाज राहिला?

चित्रण असून भागत नाही, ते आपल्याला दाखविताही आले पाहिजे. अमेरिकेतील काळ्या बांधवांच्या नागरी हक्कांच्या लढ्यावर हेन्री हॅम्प्टन यांनी ‘आईज ऑन द प्राईझ’ ही चौदा भागांची मालिका केली. पहिले भाग 1987 ला आले, पुढचे 1990 ला. ती बहुतांशी त्या काळच्या बातम्यांच्या चित्रणावर उभी आहे. बर्मिंगहॅममध्ये 1963 साली शाळकरी मुलांवर सोडलेली कुत्री, पाण्याचे फवारे, सगळे त्यात आहे. पण हे चित्रण टीव्ही कंपन्यांचे. वापरण्याचे हक्क ठराविक वर्षांपुरते विकत घेतलेले. मुदत संपली आणि हक्क पुन्हा घ्यायला पैसे नव्हते. अनेक वर्षे ती मालिका ना टीव्हीवर दाखविता येई, ना विकता येई. देणग्या जमा होऊन 2006 साली ती पुन्हा दाखविली गेली. लाठ्या खाल्ल्या काळ्यांनी, आणि त्या लाठ्यांचे चित्र दाखवायला मोल मोजायचेही काळ्यांनीच! आपल्याकडेही संग्रहातले चित्रण मिनिटाच्या नाही तर सेकंदाच्या हिशोबाने विकत घ्यावे लागते. औरंगाबादचा किंवा अंबाजोगाईचा आपला एखादा होतकरू पोरगा माहितीपट करू म्हणतो, तेव्हा अर्धा खर्च तिथेच होतो. ज्या संस्था समाजाच्या पैशावर चालतात त्यांनी निदान आपल्या मुलांना आपले संग्रह मोफत उघडावेत, असे वाटते.

आणि मग आपला मराठवाडा. 27 जुलै 1978 ला विधिमंडळाने विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव केला आणि पाचही जिल्ह्यांत आग लागली. वस्त्या जळाल्या, माणसे गाव सोडून पळाली. नांदेड जिल्ह्यातील टेंभुर्णीचे पोचीराम कांबळे हुतात्मा झाले. या सगळ्याचे हलते चित्रण पाहायला मिळते का? खेड्यांत तेव्हा टीव्ही नव्हता, अंबाजोगाईचा दूरदर्शनचा मनोरा पुढचा. वर्तमानपत्रांचे काही फोटो आहेत, अहवाल आहेत. जळत्या घरातून लेकरू काढून ज्वारीच्या रानात रात्र काढलेल्या बाईचे चित्र कुठून असणार? ती बाई मात्र आहे. तेव्हा पंचविशीची असेल तर आज सत्तरी ओलांडून गेली. तिच्या नातवाच्या खिशात कॅमेरा आहे, आणि तो त्यावर लग्नातली नाचगाणी काढतो. त्याने एक दुपार आजीला द्यावी. खिडकीच्या उजेडाकडे तिचे तोंड करावे, पंखा बंद ठेवावा, आधी तारीख, गाव आणि तिचे पूर्ण नाव बोलून घ्यावे आणि मग तिला मधे न तोडता बोलू द्यावे. पाठीमागे संगीत घालू नये. ती रडली तर जवळ जाऊन चेहरा मोठा करू नये.

1990 च्या पुढचे मात्र आपल्याकडे पुष्कळ आहे, आणि ते घराघरांतल्या कपाटात कुजत आहे. जन्मशताब्दीची मिरवणूक, विहाराचे उद्घाटन, 14 जानेवारी 1994 च्या नामविस्ताराचा जल्लोष. लग्नाची शूटिंग करणाऱ्याला वर्गणी काढून बोलावलेले असे. खांद्यावर मोठा कॅमेरा, मागे दिवा धरलेला पोरगा. त्या व्हीएचएस कॅसेटी कुठे आहेत? निम्म्यांवर घरच्या पोरांनी नंतर क्रिकेटची मॅच आणि सिनेमे टेप केले. उरलेल्या माळ्यावर.

ज्यांच्या घरी असतील त्यांनी एवढे करावे. कॅसेटच्या कडेला प्लास्टिकचा छोटा चौकोनी तुकडा असतो, तो मोडून टाकावा म्हणजे तिच्यावर चुकून दुसरे टेप होणार नाही. कॅसेट आडवी न ठेवता पुस्तकासारखी उभी ठेवावी, कोरड्या जागी, स्पीकरच्या लोहचुंबकापासून दूर. काचेतून आत पांढरी भुकटी किंवा धागे दिसले तर ती बुरशी आहे. तशी कॅसेट व्हीसीआरमध्ये अजिबात घालू नये, फीतही जाईल आणि यंत्राचे हेडही. आधी जाणकाराकडून साफ करून घ्यावी. उन्हात तर वाळवूच नये. नवा व्हीसीआर बनणे 2016 सालीच थांबले. आहेत ती यंत्रे चालतील तोवर चालतील. युनेस्कोने 2019 साली जगभरच्या संस्थांना याच कारणाने सावध केले होते, की चुंबकीय फितीवरचे लवकर उतरवून घ्या. मोठ्या संस्थांना जिथे घाई, तिथे आपल्या माळ्याचे काय! तालुक्याच्या गावी एखादा जुना फोटो स्टुडिओवाला अजून कॅसेट पेनड्राइव्हवर उतरवून देतो. त्याच्या दोन प्रती कराव्यात आणि दोन वेगवेगळ्या घरांत ठेवाव्यात. उतरवून झाली म्हणून मूळ कॅसेट भंगारात देऊ नये.

मग एका रविवारी विहारात वंदनेनंतर ती सगळ्यांनी मिळून पाहावी. म्हाताऱ्या आयाबायांना पुढे बसवावे. मधे मधे चित्र थांबवावे आणि विचारावे, निळा झेंडा धरलेली ही कोण? पांढऱ्या लुगड्यातली, डावीकडून तिसरी? एका मुलीने वहीत लिहून घ्यावे, किती मिनिटांवर कोण दिसते, नाव, सासर, माहेर, आता कुठे आहे. आणि पहिल्या पानावर शूटिंग करणाऱ्याचे आणि दिवा धरणाऱ्या पोराचेही नाव.

अशा वह्या ज्या ज्या गावांत तयार होतील त्यांनी एकेक नक्कल या सदराकडे पाठवावी. साप्ताहिकात जागा थोडी असते, पण नावे छापायला आम्ही ती काढू. केजच्या ताईंनी नातवाचे नाव पत्रात लिहिले नव्हते. तेही कळवावे.

जयभीम.